आरोपी क्रमांक चार

माझ्या नणंदेला जर्मनीतल्या एका हॉस्पिटलात नर्सची नोकरी लागली होती. ती गेली नाही, कारण तिच्यावर फौजदारी खटला होता, आणि तो खटला माझ्या फिर्यादीवरून उभा राहिला होता. हे मी आजवर तुकड्यातुकड्यानं सांगत आले. वडिलांना एक तुकडा, वकिलांना दुसरा, आणि स्वतःला सोयीचा तेवढा. सलग पहिल्यांदाच लिहिते आहे.

माझं माहेर साताऱ्याकडचं, रहिमतपूरपासून जवळ. वडील सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झाले आणि आम्हा दोघी बहिणींना त्यांनी बी. ए. होईपर्यंत शिकवलं. सासर सांगली जिल्ह्यात, वाळवा तालुक्यात, कृष्णेच्या काठाला. ऊस, दोन म्हशी, स्लॅबचं घर. नवऱ्याचं ट्रॅक्टरच्या स्पेअर पार्टचं दुकान होतं. घरात सासू, सासरे आणि माझ्याहून वर्षानं मोठी नणंद. तिचं लग्न व्हायचं होतं. मिरजेच्या एका खाजगी हॉस्पिटलात ती नर्स होती. तिथंच मैत्रिणींबरोबर खोली घेऊन राहायची आणि आठवड्याच्या सुट्टीला एसटीनं घरी यायची.

पहिल्यांदा मी तिला ‘वन्सं’ म्हणून हाक मारली तेव्हा ती हसत सुटली. ही हाक तिच्या आजीच्या वेळची आहे, ताई म्हटलं तरी चालेल, असं तिनं सांगितलं. ती मला वैनी म्हणायची आणि अहो-जाहो करायची. मीही तसंच.

सांगलीत विश्रामबागेत ती जर्मन भाषेच्या क्लासला जात होती. घरी आली की भांडी घासताना मोबाईल मोरीच्या कट्ट्यावर टेकवून ठेवायची आणि त्यातली बाई जे बोलेल ते मागून म्हणायची. दारावर, खिडकीवर, पिठाच्या डब्यावर तिनं जर्मन शब्दांच्या चिठ्ठ्या चिकटवल्या होत्या. सासूबाई पीठ काढायला गेल्या की चिठ्ठी खरवडून टाकायच्या आणि पुढच्या सुट्टीला ती नवी लावायची. एकदा तिनं मला सांगितलं की त्या लोकांत चंद्र पुल्लिंगी आणि सूर्य स्त्रीलिंगी असतो. असं का, म्हणून मी विचारलं. ती म्हणाली, आपल्याकडं ऊस तो आणि साखर ती, ते तरी का, कुणी सांगतंय का. मला ते फार आवडलं होतं. त्या घरात माझ्याशी असल्या बिनकामाच्या गोष्टी बोलणारं दुसरं कुणी नव्हतं.

नवऱ्यानं पहिल्यांदा हात उचलला तो लग्नाच्या चौथ्या महिन्यात. दुकानावर डबा उशिरा पोचला होता. नंतर कारण लागेनासं झालं. असं काही सुरू झालं की सासूबाई टीव्हीचा आवाज वाढवायच्या आणि सासरे गोठ्याकडं निघून जायचे. घरचं खाणं-पिणं चांगलं होतं, अंगावर दागिने होते, त्यामुळं बाहेरच्या कुणाला काही दिसत नसे. एका सुट्टीच्या दिवशी नणंदेच्या समोरच तो माझ्यावर धावून आला. ती मध्ये आली, त्याचं मनगट धरलं आणि म्हणाली, “दादा, हात लावायचा न्हाई.” तो गप्प बसला. मग ती घरी असेल त्या दिवशी तो काही करत नसे. आठवड्यातला तो एक दिवस मी मोकळेपणानं जेवायची.

दुसऱ्या वर्षी त्याच्या एका थपडेनं माझ्या डाव्या कानात शिटी वाजल्यासारखं सुरू झालं आणि ते थांबेना. तीन दिवसांनी नणंद आली. कानातून पाणी येतंय हे तिनंच पाहिलं. सासूबाईंना तिनं काय सांगितलं कोण जाणे, पण मला मिरजेला घेऊन गेली. तिच्या ओळखीच्या डॉक्टरांनी कान तपासला, पडदा फाटलाय म्हणाले, आणि विचारलं, कशानं झालं. मी म्हणाले, बाथरूममध्ये पाय घसरून पडले. डॉक्टरांनी माझ्याकडं पाहिलं, मग तिच्याकडं पाहिलं, आणि तसंच केसपेपरवर लिहिलं. बाहेर आल्यावर ती मला रागावली. खरं सांगितलं असतं तर ते कागदावर आलं असतं, एवढंच ती परतपरत म्हणत होती. मला परत त्याच घरी जायचंय, असं मी तिला म्हणाले.

त्यानंतर पंधरा दिवसांनी मी ते घर सोडलं, आणि मला सोडवलं तिनंच. तो दुकानावर गेला होता, सासूबाई नातेवाइकांकडं बारशाला. ती रजा टाकून आली होती. माझी कागदपत्रं, चार साड्या आणि कानाची औषधं तिनं एका पिशवीत भरली. स्टँडवर सातारा गाडी लागलेली होती. मला खिडकीपाशी बसवून ती खाली उभी राहिली.

“वैनी, ते न्यायला येतील,” ती म्हणाली. “लगेच येऊ नका. खरं तर येऊच नका.”

ती ज्या घरात परत जाणार होती तिथं तिला काय ऐकून घ्यावं लागेल, हे मला त्या वेळी सुचलंही नाही.

माहेरी मी दोन महिने काही बोलले नाही. मग बहिणीला सांगितलं, बहिणीनं वडिलांना. वडिलांनी सासरच्यांना बोलावणं धाडलं. ते चौघे-पाच जण आले, पण माझ्या नवऱ्यानं सगळं नाकारलं आणि सासूबाई सगळ्यांदेखत म्हणाल्या की पोरीच्या डोक्यावर परिणाम झालाय. वडील उठून बाहेर गेले. सैन्यात तीस वर्षं काढलेला माणूस, ती मंडळी जाईपर्यंत परत आत आला नाही. नणंद त्या बैठकीला नव्हती. तिला आणलं नव्हतं.

मग आम्ही वकील गाठले. माझे चुलते त्यांना ओळखत होते. वकिलांच्या ऑफिसात बसून फिर्याद तयार झाली आणि ती घेऊन आम्ही पोलिसांकडं गेलो. नवरा आरोपी क्रमांक एक, सासू दोन, सासरे तीन. वकील लिहिता लिहिता थांबले आणि म्हणाले, घरात आणखी कोण आहे. चुलत्यांनी सांगितलं, एक नणंद आहे, बिनलग्नाची. ती आरोपी क्रमांक चार.

तिचं नाव कशाला, असं मी विचारलं. एकदाच विचारलं. वकील समजावून सांगू लागले की सगळं घर अडकलं की माणसं लवकर ताळ्यावर येतात, एकट्या नवऱ्यावर घातलं तर तो जामीन घेऊन निवांत बसतो. चुलते म्हणाले, “पोरीचं लगीन अडलं की म्हातारी गुडघ्यावर यील बघ.” वडील त्या वेळी बाहेर बाकावर बसले होते. त्यांना आतलं ऐकू येत नव्हतं.

मी वाचून सही केली. हे मला स्वच्छ लिहायचं आहे, कारण पुढं बरेच जण मला म्हणाले की तुला काय कळत होतं, वकिलानं लिहिलं. मला कळत होतं. मी बी. ए. झालेली आहे. ‘नणंद ही सुट्टीच्या दिवशी घरी येऊन सासू व पती यांना चिथावणी देत असे व मला माहेरी जाण्यास मज्जाव करत असे,’ हे वाक्य मी दोनदा वाचलं. माझ्या मनात आलं की हे खोटं आहे. आणि त्याच्या मागोमाग असंही आलं की ती जर्मनीला जाणार, मी मात्र इथं माहेरच्या ओसरीवर बसून राहणार. ते अर्धा क्षणच होतं, पण होतं. मी पानापानावर सही केली.

चौघांनाही अटकपूर्व जामीन मिळाला. जामिनाच्या अटींत एक अशी होती की कोर्टाच्या परवानगीशिवाय देश सोडून जायचं नाही. माझ्या लेखी ते छापील वाक्य होतं. सासऱ्यांनी उभ्या जन्मात कर्नाटकापलीकडचं काही पाहिलं नव्हतं, त्यांना देश सोडू नका म्हणणं मला हसण्यासारखं वाटलं. चौथ्या नावासाठी ते वाक्य काय आहे, हा विचार मी केला नाही.

सात-आठ महिन्यांनी दोषारोपपत्र दाखल झालं आणि खटला आमच्या तालुक्याच्या कोर्टात उभा राहिला. पहिल्या दोन तारखांना मी नणंदेकडं पाहिलं नाही. तिसऱ्या तारखेला पाण्याच्या नळापाशी ती समोरच आली. वाळली होती. मी काहीतरी बोलायचं म्हणून विचारलं, कशा आहात ताई.

“पासपोर्ट जमा करा म्हणून पत्र आलंय मला,” ती म्हणाली.

मला समजलं नाही. मग तिनं सगळं सांगितलं, एखाद्या पेशंटच्या नातेवाइकाला सांगावं तसं, सावकाश. भाषेच्या परीक्षा ती पास झाली होती. तिकडच्या हॉस्पिटलनं तीन वर्षांचा करार पाठवला होता. व्हिसासाठी पोलिसांचा दाखला लागतो, आपल्यावर कसला गुन्हा नाही म्हणून. त्यासाठी तिनं अर्ज केला, गावात हवालदार चौकशीला आला आणि त्यानं जे होतं ते लिहून दिलं, की हिच्यावर खटला चालू आहे. दाखला तर मिळाला नाहीच, उलट पासपोर्ट कार्यालयाचं पत्र आलं की तुमच्यावर फौजदारी खटला प्रलंबित असताना तुमचा पासपोर्ट का जप्त करू नये, त्याचा खुलासा करा. तिनं खुलासा केला. मी निर्दोष आहे, असं लिहिलं. त्यावर उत्तर आलं की दोषी-निर्दोष हे कोर्ट ठरवेल, आमच्यापुरतं खटला आहे एवढं पुरेसं आहे. कायद्यात तसंच आहे, तिच्या वकिलांनीही तेच सांगितलं. मागच्या आठवड्यात ती पुण्याला जाऊन पासपोर्ट देऊन आली होती.

एवढं बोलून ती थांबली. नळ तसाच वाहत होता, तिनं तो बंद केला.

“मी काय केलं व्हतं वैनी?”

आवाज चढवला नाही, रडली नाही. खरंच ठाऊक नसल्यासारखं विचारलं. माझ्याकडं उत्तर होतं आणि ते मी दिलं नाही. तेवढ्यात शिपायानं आमच्या खटल्याचा पुकारा केला आणि मी सुटले.

तिच्या वकिलांनी कोर्टात अर्ज दिला. खटला चालू असला तरी कोर्ट परदेशी जाण्याची परवानगी देऊ शकतं, आणि त्या परवानगीवर पासपोर्ट मिळू शकतो. अशा अर्जावर सरकारी वकिलांचं म्हणणं मागवतात. माझ्या वकिलांनी मला फोन करून सांगितलं की फिर्यादीतर्फे आपणही विरोध नोंदवू, ती परदेशी गेली तर खटला लांबेल आणि तडजोडीचा दबावही जाईल. मी म्हणाले, तुम्हाला योग्य वाटेल तसं करा. फिर्यादीवर सही करताना निदान मी मारानं आणि रागानं भरलेली होते. या वेळी मी आईबरोबर शेंगा सोलत बसले होते. फोन ठेवला आणि पुन्हा शेंगा सोलू लागले.

त्या अर्जाला पाच तारखा लागल्या. एकदा सरकारी म्हणणं आलं नव्हतं, एकदा न्यायाधीश रजेवर, एकदा वकिलांचा बहिष्कार, एकदा नुसतीच पुढची तारीख. पाचव्या तारखेला परवानगी मिळाली, ती एक वर्षाची. जेवढी परवानगी तेवढ्याच मुदतीचा पासपोर्ट. तीन वर्षांच्या नोकरीला एक वर्षाचा पासपोर्ट कुठं पुरणार. म्हणून तिच्या वकिलांनी मुदत वाढवून मिळावी असा दुसरा अर्ज दिला.

त्याच्या पुढच्या तारखेला तिच्या वकिलांनी उभं राहून सांगितलं की मुदत वाढवून मागण्याचा अर्ज आम्ही मागं घेतो. न्यायाधीशांनी विचारलं, का. ते म्हणाले, आता गरज उरली नाही, ती जागा दुसऱ्या कुणाला दिली. न्यायाधीशांनी मान हलवली, काहीतरी लिहिलं आणि पुढचं प्रकरण घेतलं. नणंद मागच्या बाकावर सासऱ्यांच्या शेजारी बसली होती. तिनं पर्समधून रुमाल काढला, त्याची घडी उलगडली, परत घातली आणि पर्समध्ये ठेवला.

दोन आठवड्यांनी मी एकटीच मिरजेला गेले. घरी सांगितलं, कान दाखवायचाय. भेटीच्या वेळात वॉर्डाबाहेर थांबले. ती बाहेर आली, मला पाहिलं आणि क्षणभर परत आत वळली. मग आली. तिच्या वकिलांनी माझ्याशी बोलायचं नाही म्हणून बजावलं होतं, ते तिनं आधी सांगितलं. तरी जिन्याच्या पायरीवर माझ्या शेजारी बसली. माझ्या उजव्या बाजूला बसली, ऐकू यावं म्हणून.

मी म्हणाले, “मी लिहून देते, तुम्ही काही केलं नव्हतं असं.”

“आणि दादाचं?”

“ते खरं आहे. ते तसंच राहील.”

वॉर्डातून कुणीतरी सिस्टर म्हणून हाक मारली.

“मग लवकर लिवा,” ती म्हणाली आणि उठली.

माझे वकील चिडले. तुम्ही स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेताय, म्हणाले. एक वाक्य खोटं होतं असं कबूल केलंत की समोरचा वकील बाकीच्या सगळ्या वाक्यांना तेच लावणार. मी घरी येऊन वडिलांना सगळं सांगितलं. मला गाडीत बसवून द्यायला स्टँडवर कोण आलं होतं, हे त्यांना तोवर ठाऊक नव्हतं. मी तेही कधी सांगितलं नव्हतं. ते ऐकत राहिले.

“तिनं तुला गाडीत बसवलं,” ते शेवटी म्हणाले, “आन् तू तिचं नाव लिवलंस.”

दहा-बारा दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत. चुलते येऊन आरडाओरडा करून गेले, की ही पोरगी खटला बुडवायला निघाली, त्यांनाही ते काही बोलले नाहीत. मग एके सकाळी दाढी करून, इस्त्रीचे कपडे घालून तयार झाले आणि मला म्हणाले, दुसरा वकील बघू.

नणंदेवरचा खटला रद्द करायचा तर हायकोर्टात जावं लागणार होतं. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागायची. अर्ज तयार होईपर्यंत, कागद जमेपर्यंत दीड वर्ष गेलं, आणि मध्येच आमच्या भागासाठी कोल्हापुरात बेंच सुरू झालं, म्हणून आम्ही कोल्हापूरला गेलो. मी प्रतिज्ञापत्र दिलं होतं की आरोपी क्रमांक चारविरुद्ध माझी काही तक्रार नाही, तिनं मला कधी त्रास दिला नाही. न्यायाधीशांनी मला विचारलं, कुणाचा दबाव आहे का. मी नाही म्हणाले. स्वतःच्या मनानं देताय का. मी हो म्हणाले. दहा मिनिटंही लागली नाहीत. जे खोडायला दहा मिनिटं लागली नाहीत, ते लिहायलाही लागली नव्हती, आणि मधे तिची साडेतीन वर्षं गेली होती.

बाहेर आवारात सासरे काठी टेकत उभे होते. त्यांना अर्धांगाचा झटका येऊन गेला होता, तोंड एका बाजूला ओढलेलं. नणंदेनं त्यांचा हात धरला होता. माझे वडील त्यांच्याकडं गेले. दोघं म्हातारे समोरासमोर उभे राहिले, पण सासऱ्यांना नीट बोलता येत नव्हतं. वडिलांनी आपल्याजवळची पाण्याची बाटली उघडून त्यांच्यापुढं धरली. नणंद मला एवढंच म्हणाली की रस्ता लांबचा आहे, वेळेत निघा.

माझ्या जुन्या वकिलांचं म्हणणं खरं ठरलं. नवरा आणि सासू-सासऱ्यांवरचा खटला चालू राहिला होता, त्यात माझी उलटतपासणी झाली. त्यांच्या वकिलांनी फिर्यादीतलं नणंदेचं वाक्य मोठ्यानं वाचलं आणि विचारलं, हे खोटं होतं ना. मी म्हणाले, होय. मग केसपेपर पुढं केला. त्यावर लिहिलं होतं, बाथरूममध्ये घसरून पडल्यानं इजा. हे तुम्हीच सांगितलं होतं ना. होय. म्हणजे तुम्ही डॉक्टरांनाही खोटं सांगता आणि पोलिसांनाही. मग आज कोर्टात जे सांगताय ते खरं, हे कशावरून. न्यायाधीशांनी उत्तर द्या म्हणून सांगितलं. मी म्हणाले, कारण ते झालंय.

माझ्या कानाचं खरं ठाऊक असलेलं एकच माणूस होतं. सरकारी वकिलांनी विचारलंही, की नणंद आता आरोपी नाही, तिला साक्षीला बोलवायचं का. मी नको म्हणाले. सख्ख्या भावाविरुद्ध बोलायला मी तिला कुठल्या तोंडानं उभं करणार होते. ते तिघे सुटले, संशयाचा फायदा मिळून. घटस्फोट झाला. नवऱ्यानं पुढं दुसरं लग्न केलं आणि बायकोला घेऊन तो कऱ्हाडला राहायला गेला. त्या बाईचा कान शाबूत आहे का, हे मला कळायचा मार्ग नाही.

मी साताऱ्यात एका शाळेच्या ऑफिसात काम करते. यंदा वडिलांच्या हृदयाच्या झडपेचं ऑपरेशन ठरलं आणि आमच्या डॉक्टरांनी मिरजेला न्या म्हणून सांगितलं. ज्या हॉस्पिटलात गेलो ते तिचंच होतं. मी आधी फोन केला नव्हता. ती दुसऱ्या मजल्यावर सिस्टर इन्चार्ज झाली होती. वडिलांच्या फाईलवरचं नाव वाचून ती स्वतःच खाटेपाशी आली. त्यांना खिडकीजवळची खाट तिनंच दिली. वडिलांनी तिला पाहिलं आणि उठून बसायला गेले, तिनं खांद्याला धरून त्यांना परत निजवलं.

ऑपरेशननंतर चौथ्या दिवशी त्यांना जरा बरं वाटत होतं. ती रक्तदाब बघायला आली तेव्हा त्यांनी विचारलं, “पोरी, पासपोर्ट आला का गं परत?”

आला, म्हणाली. हायकोर्टाचा आदेश लावून नव्यानं अर्ज केला, पुन्हा गावात चौकशी झाली आणि पोस्टानं घरपोच आला.

“मग जा की आता.”

पट्टा त्यांच्या दंडाला गुंडाळता गुंडाळता ती बोलत राहिली. भाषेची परीक्षा जुनी झालीय, एजन्सी नवी मागते. मध्यंतरी तिनं परत अभ्यास धरला होता, मोबाईलवर. पण तिचे वडील आता अंथरुणावरच असतात आणि आईच्यानं त्यांना एकटीनं कुशीवर वळवणं होत नाही. म्हणून तिनं दोघांना मिरजेला आणून आपल्या खोलीवर ठेवलंय. तिच्या क्लासातल्या चौघी गेल्या. एकीला तिथं मूल झालं.

“ऐकलेलं समजतंय आजून मला,” ती म्हणाली. “बोलाय गेलं की अडतंय. शब्द आठवतोय, तो का ती, ते आठवत न्हाई.”

तिनं यंत्रात आकडा पाहिला, फाईलवर लिहिला, सलाईनचा थेंब कमी केला. मी खाटेच्या दुसऱ्या बाजूला उभी होते. मला तिची माफी मागायची होती. चार दिवस मी ती मनात जुळवत होते. मी तोंड उघडलं, पण तिनं माझ्या हातात औषधांची चिठ्ठी दिली.

“एवढी जेवायच्या आधी लागतील,” ती म्हणाली. “खाली गर्दी असती, आत्ताच जावा.”

ती पुढच्या खाटेकडं वळली. तिथल्या बाईला ताप होता, तिच्या कपाळावर हात ठेवून तिची चौकशी करू लागली.

मी खाली जाऊन रांगेत उभी राहिले. पुढं सात-आठ माणसं होती. चिठ्ठीवरचं अक्षर तिचं होतं, गोलसर, पिठाच्या डब्यावर असायचं तेच. माझ्या मागं जतकडची एक बाई उभी होती, डोक्यावर पदर घेतलेली. माझ्या डोळ्यांतलं पाणी बघून ती जवळ सरकली आणि विचारू लागली, कोण हाय आजारी, लय जास्त हाय का.

वडील आहेत, मी म्हणाले. आता बरे आहेत.